साबणाच्या कप्प्याचं झाकण उघडत नाही तेव्हा

सकाळी साडेसहाला डिशवॉशर उघडलं आणि आदल्या रात्रीचं वरण ताटांच्या कडेला जसंच्या तसं वाळलेलं दिसलं. भांडी गरम होती, कोरडी होती, पण वाटीच्या आत बोट फिरवलं तर तूप हाताला लागत होतं. मग दाराच्या आतल्या अंगाला बघितलं. साबणाच्या कप्प्याचं झाकण घट्ट मिटलेलं. खटका दाबून उघडलं, तर टॅब्लेट ठेवली होती तशीच, कडासुद्धा झिजल्या नव्हत्या. दोन तास मशीन चाललं, पाणी तापलं, वीज जळली आणि साबण कप्प्याबाहेर पडलाच नाही.

मे २०२३ मध्ये एका आठवड्यात हे तीनदा झालं. मशीन आम्ही २०२० च्या लॉकडाऊनमध्ये घेतलेलं, त्यामुळे वॉरंटी संपलेली. मेकॅनिकला बोलावलं. त्याने झाकण दोनदा उघडलं, दोनदा लावलं आणि म्हणाला, "मॅडम, पूर्ण डिस्पेन्सर, म्हणजे हा अख्खा कप्पा, बदलावा लागेल. साडेचार हजार." मी त्याचे व्हिजिटचे पैसे दिले आणि दोन दिवस थांबायचं ठरवलं. भोसरीतल्या कारखान्यात कॉन्टॅक्टर आणि रिले, म्हणजे विजेवर चालणारे स्विच, तपासण्याच्या कामावर मी २२ वर्षं काढली आहेत. कॉइल (वीज दिली की चुंबक होणारी तारेची गुंडाळी), स्प्रिंग, खटका यांच्याशी रोजचा संबंध. तिथे पहिल्याच आठवड्यात शिकवलं होतं, की हलायचा भाग हलत नसेल तर आधी त्याची वाट मोकळी आहे का ते बघा, कॉइलकडे नंतर वळा. साबणाच्या झाकणाला हे तंतोतंत लागू पडतं. ते साडेचार हजार खर्च करावे लागले नाहीत. खाली लिहिलंय ते त्यानंतर स्वतःच्या, बहिणीच्या आणि सोसायटीतल्या पाच-सहा घरांच्या मशीनवर करून बघितलेलं आहे.

कप्पा चालतो कसा

दाराच्या आत जो पांढरा किंवा करडा प्लास्टिकचा चौकोन बसवलेला असतो, त्यात दोन वेगळ्या गोष्टी शेजारी शेजारी असतात. एक साबणाचा खण, झाकणवाला. दुसरी रिन्स एडची, म्हणजे शेवटच्या पाण्यात मिसळायच्या द्रवाची टाकी, तिला फिरवायचं किंवा उचलायचं टोपण असतं. या दोन्हींमागे, दाराच्या पोटात, एक छोटी कॉइल असते. काही मशीनमध्ये कॉइलऐवजी मेणाची मोटर असते: आतलं मेण तापून फुगतं आणि दांडी पुढे ढकलतं. ठरलेल्या वेळी मशीन तिला वीज देतं, दांडी सरकते, झाकणाचा खटका सुटतो आणि स्प्रिंग झाकण उघडते. बऱ्याच मशीनमध्ये हीच कॉइल शेवटच्या पाण्याच्या वेळी दुसऱ्यांदा हलते आणि रिन्स एड सोडते.

म्हणजे विजेचं काम फक्त खटका सोडण्याचं आहे. झाकण उघडण्याचं काम त्या बारक्या स्प्रिंगचं. तिच्यात जोर फार नसतो. समोर एखादं भांडं टेकलं, रबरावर साबणाचं कीट बसलं, खटक्यात क्षार साठले, की ती हरते. कॉइलने आपलं काम चोख केलेलं असतं आणि तरी दोष तिच्यावर येतो.

झाकण पहिल्याच मिनिटाला उघडत नाही हेही लक्षात असू द्या. ज्या प्रोग्रॅममध्ये आधी साध्या पाण्याची खळबळ असते, तिथे ते पाणी निघून गेल्यावर, नवं पाणी आत आल्यानंतर झाकण उघडतं. म्हणूनच टॅब्लेट चमच्यांच्या टोपलीत टाकू नये. काहीजण झाकण बिघडलं की हा उपाय सांगतात. पण मग अर्धीअधिक टॅब्लेट पहिल्या पाण्याबरोबर मोरीत जाते आणि खऱ्या धुण्याला साबण उरत नाही.

रिकाम्या मशीनची परीक्षा

स्क्रू ड्रायव्हर हातात घेण्याआधी एवढं करा. मशीन पूर्ण रिकामं करा, दोन्ही जाळ्या आत राहू द्या पण भांडं एकही नको. साबणाचा खण कोरडा पुसा, रिकामाच ठेवून झाकण लावा. नेहमीचा प्रोग्रॅम सुरू करा. अर्ध्या तासाने दार आधी बोटभर उघडा, वाफ जाऊ द्या, चेहरा लांब ठेवा, मग पूर्ण उघडा. पंप दार उघडताच थांबतो, काळजी नाही. झाकण अजून मिटलेलंच असेल तर दार लावून आणखी पंधरा मिनिटं द्या, कारण लांब प्रोग्रॅममध्ये पहिलं पाणी जरा जास्त वेळ चालतं.

झाकण उघडलेलं दिसलं तर तुमचा कप्पा धडधाकट आहे. दोष भांडी लावण्यात आहे किंवा साबण भरण्यात. झाकण रिकाम्या मशीनमध्येही मिटलेलंच राहिलं, तर खटका, रबर किंवा कॉइल, याच क्रमाने.

माझ्याकडे रिकाम्या मशीनमध्ये झाकण लख्ख उघडलं. मी ओट्यापाशी बसून विचार करत होते की मग अडतं कुठे. सासूबाई मागून बघत होत्या. त्यांनी विचारलं, "अगं, परात कुठे ठेवतेस तू?" कणीक भिजवायची आमची स्टीलची परात मी खालच्या जाळीत, अगदी पुढे, दाराला समांतर उभी करायचे. मे महिन्यात मुलगी आणि तिच्या मैत्रिणी घरी होत्या, पोळ्या जास्त, म्हणून परात रोज. आठवड्यातून तीनदा टॅब्लेट उरली, ते नेमके परातीचे तीन दिवस होते.

मग त्यांनीच ओट्यावरच्या कणकेतून लिंबाएवढा गोळा तोडला आणि बंद झाकणाच्या मधोमध चिकटवला. "आता लाव दार आणि उघड." दार लावलं, उघडलं. गोळा चपटा झाला होता आणि त्यावर परातीच्या काठाची स्वच्छ, गोल रेघ उमटली होती. त्या रेघेकडे बघताना मला कारखान्यातली तपासणी आठवली. तिथे आम्ही दोन भागांमधलं अंतर मोजायला मऊ मेणाचा तुकडा असाच दाबायचो. सासूबाई कारखान्यात कधी गेल्या नाहीत, पण कणीक कुठे टेकते हे त्यांच्या हाताला ठाऊक आहे.

ही कणकेची परीक्षा तुम्हीही करा. झाकण बिजागरीवर पाटासारखं उघडणारं असेल तर त्याला साधारण स्वतःच्या रुंदीएवढी जागा समोर लागते, म्हणून गोळा लिंबापेक्षा छोटा नको. सरकून उघडणारं झाकण असेल तर सुपारीएवढा पुरतो, कारण तिथे अडथळा फक्त टेकण्याचा असतो. गोळ्यावर ठसा आला तर ते भांडं हलवा आणि पुन्हा बघा. झाल्यावर कणीक पूर्ण निपटून काढा, नाहीतर तीच वाळून रबराला चिकटेल.

आपल्या घरांत झाकण अडवणारी भांडी ठरलेली आहेत: परात, मोठं ताट, पोळपाटाएवढा पॅन, कढईचे कान, डावाची आणि झाऱ्याची लांब दांडी. परात मागच्या बाजूला किंवा डावीकडे भिंतीला टेकवा, दारासमोर नको. डाव-झारे वरच्या जाळीत आडवे. आणि ताटं पुढच्या रांगेत लावायचीच असतील तर झाकणासमोर वाट्यांची बुटकी रांग येऊ द्या.

खटका आणि रबर

रिकाम्या मशीनमध्येही झाकण चिकटून राहत असेल, किंवा उलट, लावल्या लावल्या पुन्हा उघडत असेल, तर सफाई हवी. हे काम अर्ध्या तासाचं आहे, पण घाई केली की खटक्याचं नाजूक टोक तुटतं आणि मग खरोखरच अख्खा कप्पा बदलावा लागतो.

मशीन बंद करा, नुसतं पॅनेलवरच्या बटणाने नाही, भिंतीवरच्या स्विचनेही. दार पूर्ण आडवं पाडा. हातात रबरी मोजे घाला. साबणाची पावडर तीव्र अल्कली असते, ओल्या हाताला चावते आणि डोळ्यात उडाली तर फार वाईट.

आता उजेडात झाकणाच्या कडेची रबरी पट्टी नीट बघा. पट्टी आणि प्लास्टिक यांच्या फटीत पांढरट, कधी निळसर असं कीट दिसेल. नखाने खरवडलं तर खडबडीत लागतं. हे बहुतेक विरघळलेल्या आणि पुन्हा घट्ट झालेल्या साबणाचं असतं, त्यामुळे पाण्याने जातं, फक्त पाण्याला वेळ द्यावा लागतो. जुन्या सुती साडीची किंवा धोतराची पट्टी कोमट पाण्यात पिळून त्या कडेवर दहा मिनिटं ठेवा. मग जुना मऊ टूथब्रश घेऊन कडेच्या दिशेने फिरवा, आडवा खसाखसा नको. ब्रशचे केस फटीत शिरतील तेवढा तिरपा धरा. पुन्हा पिळलेली पट्टी, पुन्हा ब्रश. दोनदा केलं की रबर काळं किंवा करडं, मूळ रंगाचं दिसायला लागतं आणि बोटाने दाबलं की परत वर येतं. रबर दाबून वर येत नसेल, कडक झालं असेल, किंवा कुठे चीर असेल, तर ते संपलं आहे.

खटका म्हणजे झाकण ज्या बारीक दातात अडकतं तो. तिथे कीट नसून क्षार असतील तर ते पाण्याने हलत नाहीत. कपभर कोमट पाण्यात एक चहाचा चमचा सायट्रिक अॅसिड, म्हणजे किराणा दुकानात मिळतं ते लिंबूसत्व, विरघळवा. कापसाचा बोळा त्यात भिजवून, निथळून, खटक्यावर दहा मिनिटं. मग साध्या ओल्या फडक्याने दोनदा पुसून घ्या. तांब्याने पाणी ओतू नका. खटक्याच्या फटीतून ते दाराच्या पोटात, तारांपाशी जायला नको. आणि सायट्रिक अॅसिडच्या जोडीला ब्लीच कधीही वापरू नका. दोन्ही एकत्र आले की क्लोरीनचा विषारी वायू सुटतो.

सुरीचं टोक, सुई, स्क्रू ड्रायव्हर यांनी खटका उचकटायचा नाही. खोबरेल किंवा गोडेतेल लावायचं नाही. सुरुवातीला झाकण छान सरकतं, पण महिनाभरात तेल चिकट होतं आणि त्यात साबणाचे कण रुततात. शिलाई मशीनचं तेल तर रबर फुगवतं. स्वच्छ आणि कोरडा खटका बिनतेलाचाच चालतो.

साफ झाल्यावर झाकण दहा-बारा वेळा लावून, बोटाने खटका दाबून उघडा. दर वेळी एकच "टक्" आवाज यायला हवा आणि झाकण एकदम उघडायला हवं. मधेच रेंगाळत असेल तर एक कोपरा अजून चिकटतोय. कुठला ते झाकणाच्या तिरकेपणावरून कळतं.

झाकणाचं पांढरं प्लास्टिक हळदीने पिवळं झालं असेल तर त्याची चिंता करू नका. त्याने कामात काही फरक पडत नाही.

झाकण उघडतं, पण साबण तसाच

काही घरांत तक्रार वेगळी असते. झाकण उघडलेलं, पण खणाच्या तळाशी पावडरचा ओला, घट्ट लगदा. इथे झाकणाचा दोष नाही, पाणी तिथवर जोराने पोचत नाहीये. फवाऱ्याचे पंखे, ज्यांना मेकॅनिक स्प्रे आर्म म्हणतात, ते तपासा. खालचा बहुतेक मशीनमध्ये सरळ वर ओढला की निघतो, वरचा एक चाकी फिरवून. काढून कानाशी धरा आणि हलवा. शेजारच्या काकूंच्या मशीनचा पंखा मी हलवला तर तो खुळखुळ्यासारखा वाजला. सिंकमध्ये उलटा धरून आपटला, तर मोहरी, जिरं, कढीपत्त्याचा देठ आणि एक चिंचोक्याचा तुकडा असा ऐवज बाहेर आला. छिद्रं साफ करायला टूथपिक नको, ती आत तुटते. पातळ, सरळ केलेली तार घ्या आणि शेवटी नळाखाली धरून प्रत्येक छिद्रातून धार येते का बघा.

फोडणीचे दाणे पंख्यात पोचतात म्हणजे तळाचा फिल्टर नीट बसलेला नाही किंवा भरलाय. फिल्टर आमच्याकडे एक दिवसाआड धुतो. भांडी धुऊन लावायची गरज नाही, पण दाणे, कढीपत्ता, लिंबाची बी, हाडं हे सगळं ताटातून कचऱ्यात झटकायलाच हवं. पंखा पुन्हा बसवून हाताने फिरवा: उभी राहिलेली एखादी कढई त्याला अडवत नाही ना.

अर्ध्या तासाच्या झटपट प्रोग्रॅममध्ये टॅब्लेट पूर्ण विरघळत नाही, हेही एक कारण असतं. तिथे पावडर वापरा.

साबण भरण्याची सवय

आमच्याकडे जूनपासून सप्टेंबरपर्यंत साबणाची पावडर मिठासारखीच पाणी धरते. पिशवीचं तोंड रबरबँडने बांधून ठेवलेली पावडर गणपतीपर्यंत दगड होते. पिशवी फोडल्या दिवशी ती घट्ट झाकणाच्या प्लास्टिकच्या बरणीत काढा, वर मोठ्या अक्षरात "साबण, खायचं नाही" असं लिहा आणि मुलांचा हात पोचणार नाही अशा फळीवर ठेवा. खाऊच्या जुन्या बरणीत अजिबात नको. ॲल्युमिनियमच्या डब्यातही नको, अल्कली ते खाते. (ॲल्युमिनियमची कढई आणि कुकर मशीनमध्ये काळे पडतात तेही याचमुळे.)

साबण भरायचा तो मशीन सुरू करण्याच्या क्षणी, कोरड्या खणात, कोरड्या हाताने. दुपारी टॅब्लेट ठेवून रात्री मशीन लावायचं ही सवय मी बऱ्याच घरांत बघितली. दिवसभर दार उघडझाप होते, वरच्या पेल्यांचं पाणी ठिबकतं, टॅब्लेट ओली होते आणि खणाच्या भिंतीला चिकटते. मग झाकण उघडलं तरी ती तिथेच लटकलेली. तळहातभर फडकं मशीनशेजारी टांगून ठेवा आणि साबणाआधी खण पुसा. एवढ्या एका गोष्टीने निम्म्या तक्रारी संपतात, हे मी अनुभवाने सांगते.

टॅब्लेट आडवी, सपाट ठेवा. उभी कोंबली तर झाकण तिला दाबूनच बंद होतं आणि स्प्रिंगचा जोर त्या घर्षणात जातो. टॅब्लेटवरचं वेष्टन काढायचं की नाही, ते पाकिटावर वाचा: काही वेष्टनं पाण्यात विरघळतात, ती काढायची नाहीत, काही साधं प्लास्टिक असतात, ती काढायलाच हवीत. पावडर भरत असाल तर खणाच्या आत रेघा असतात, बऱ्याच मशीनवर १५ आणि २५ असे आकडे कोरलेले दिसतील. रेघेच्या वर भरू नका. जास्तीची पावडर कडेवर सांडते आणि तेच कीट रबरात जाऊन बसतं. झाकण लावण्याआधी कडेवरून कोरडं बोट फिरवलं तरी पुरे.

भांडी घासायचं नेहमीचं लिक्विड या खणात कधीही नको. त्याचा फेस दाराच्या खालून स्वयंपाकघरात येतो.

रिन्स एडची टाकी

तिचं काम काचेवर आणि स्टीलवर पाण्याचे थेंब थांबू न देणं. पेल्यांवर सुकलेल्या थेंबांचे ठिपके राहत असतील तर टाकीवरचा डायल, म्हणजे मात्रा ठरवणारी चकती, एक घर वाढवा. निळसर, तेलकट पट्टे दिसत असतील तर कमी करा. एका वेळी एकच घर, आणि मग दोन-तीन धुणी बघा.

टाकी भरताना सांडलेलं रिन्स एड लगेच पुसून घ्या, नाहीतर फेस होतो. दोन दिवसांत टाकी रिकामी होत असेल तर टोपणाचं रबर तपासा: केस, कचरा, चीर. टोपण "टक्" होईपर्यंत बसलं पाहिजे. तिच्यात व्हिनेगर भरण्याचा सल्ला खूप फिरतो. मी तो पाळत नाही, कारण टाकीत आम्ल दिवसरात्र साठून राहतं आणि आतल्या रबराला ते सोसत नाही.

चुकून साबणाचं जेल या टाकीत ओतलं गेलं, तर मशीन सुरू करू नका. औषधाच्या दुकानातून सुई नसलेली मोठी सिरिंज आणि बोटभर बारीक रबरी नळी आणा. जेल ओढून काढा, कोमट पाणी सोडा, पुन्हा ओढा. पाणी फेसाशिवाय, नितळ यायला आठ-दहा फेऱ्या लागतात. सोसायटीतल्या एका काकांसाठी हे केलं तेव्हा मी बारा मोजल्या होत्या.

पाणी कुठलं आहे

पुण्यात खडकवासल्याचं पाणी मऊ आहे. पण उन्हाळ्यात टँकर आणि बोअर सुरू झाले की तेच मशीन वेगळं वागतं. खटक्यावर पांढरे क्षार, पेल्यांवर धुरकटपणा, साबण कमी पडल्यासारखा. ज्या मशीनमध्ये पाणी मऊ करायची मिठाची टाकी आहे, तिथे पाण्याचा कडकपणा मोजायची पट्टी आणून सेटिंग उन्हाळ्यापुरतं बदला. टीडीएस मीटर त्यासाठी पुरेसा नाही, तो सगळे विरघळलेले क्षार मोजतो, कडकपणा वेगळा. मीठ डिशवॉशरचंच, जाडं. आयोडीनयुक्त घरगुती मीठ बारीक असतं आणि मोकळं राहण्यासाठी त्यात इतर द्रव्यं घातलेली असतात, ती आत साठतात.

टँकरच्या महिन्यांत मी पंधरा दिवसांतून एकदा, एरवी तीन महिन्यांतून, रिकाम्या मशीनच्या तळाशी तीन मोठे चमचे लिंबूसत्व टाकून सर्वांत गरम प्रोग्रॅम चालवते. त्या दिवशी साबण नाही, कारण आम्ल आणि अल्कली एकमेकांचं काम पुसून टाकतात.

खरोखरच कॉइल गेली असेल तर

हे माझ्या बहिणीकडे नाशिकला झालं. रिकाम्या मशीनमध्ये झाकण उघडेना, खटका लख्ख, रबर मऊ, हाताने उघडझाप सुरेख. मग दार उघडायला घेतलं. वॉरंटी चालू असेल तर हे करू नका, ती जाते. आणि विजेच्या कामाची सवय नसेल तर इथून पुढे मेकॅनिकला करू द्या, पण वरच्या परीक्षा केल्याचं त्याला सांगा आणि काढलेला जुना भाग मागून घ्या.

स्विच बंद, प्लग बाहेर, पाण्याचा नळ बंद. प्लग ओट्यामागे असेल तर त्या लाइनचा एमसीबी, म्हणजे विजेच्या पेटीतला स्विच, खाली पाडा. पाच मिनिटं थांबा. दाराच्या आतल्या कडेने स्क्रू असतात, बहुतेक चांदणीच्या आकाराच्या तोंडाचे, त्यांचा वेगळा पाना लागतो. खालचे दोन सोडवेपर्यंत बाहेरचा पत्रा कुणीतरी धरायला हवा. आणि एक महत्त्वाचं: पत्रा निघाला की दार हलकं होतं, बिजागरीची स्प्रिंग त्याला जोरात वर खेचते. मेहुण्यांना मी दार दोन्ही हातांनी दाबून धरायला सांगितलं होतं म्हणून हनुवटी वाचली.

तारांचा फोटो काढा, मगच कनेक्टर सोडवा. मल्टीमीटर (वीज मोजायचं मीटर) ओहमवर, म्हणजे रोध मोजण्यावर, लावून कॉइलच्या दोन टोकांना टेकवा. चांगल्या कॉइलला काहीतरी आकडा येतो, मॉडेलप्रमाणे शेकड्यांत किंवा हजारांत. बहिणीच्या मशीनमध्ये मीटर जागचा हलला नाही, म्हणजे आतली तार तुटलेली. आकडा आला असता तर मी बिजागरीजवळच्या तारा बघितल्या असत्या. दार रोज उघडताना त्या तिथेच वाकतात आणि वरून धड दिसणारी तार आतून तुटलेली असते. दोन्ही ठीक असतील तर दोष कंट्रोल बोर्डात, आणि तो मेकॅनिकचा प्रांत. प्लग लावून उघड्या दारात व्होल्टेज मोजायला जाऊ नका. ते २३० व्होल्ट आहेत आणि फरशी ओली असते.

बहिणीच्या मशीनला कॉइल सुटी मिळत नव्हती, अख्खा कप्पाच आणावा लागला. मॉडेलचा पूर्ण नंबर दाराच्या वरच्या किंवा बाजूच्या कडेवर असतो, त्याचाच फोटो दुकानदाराला दाखवा. नुसतं "१३ भांड्यांचं मशीन" सांगून चुकीचा कप्पा येतो. जुना काढल्यावर भोकाच्या कडेचं कीट पुसून काढा, नवं रबर कुठेही दुमडणार नाही असा कप्पा सगळीकडून सारखा दाबत बसवा. तारा फोटोप्रमाणे. पत्रा, स्क्रू.

मग दाराखाली फरशीवर टिश्यू पेपरची लांब पट्टी अंथरली आणि छोटा प्रोग्रॅम लावला. चाळीस मिनिटं आम्ही दोघी बहिणी समोर खुर्च्या टाकून बसलो. बाविसाव्या मिनिटाला दारातून "टक्" ऐकू आलं. शेवटी पट्टी उचलून बघितली, टोकापासून टोकापर्यंत कोरडी होती. नव्या कप्प्याची रिन्स एडची टाकी रिकामी येते, ती मात्र पहिल्या खऱ्या धुण्याआधी भरून घ्या.